काशीवासी हेमकांता

'तुमच्या कामाबद्दल अंकासाठी काही लिहा' असा एका मराठी अंकाच्या संपादकांचा निरोप आला, तेव्हा मला वाटलं, तो चुकीच्या घरी आला आहे. आमच्या काशीतल्या दूधविनायक मोहल्ल्यात लिहिणारी घरं वेगळी. शास्त्र्यांची, मास्तरांची. आमचं घर आचाऱ्याचं. महाराष्ट्रातून काशीला येणाऱ्या यात्रेकरूंचा स्वयंपाक बाबा करतात, आणि कॉलेजात गेलेला घरातला पहिला मीच. माझं मराठी घरात बोलून आलेलं आहे. त्यात हिंदी कुठून शिरतं ते मला कळत नाही. संपादकांनी सांभाळून घ्यावं.

सकाळी कॉलेज आणि संध्याकाळी मैदागिनच्या रस्त्यावर गुप्ताजींच्या दुकानात काम, असं माझं चाललेलं असतं. दुकान मुळात टेलिफोन बूथ. नंतर गुप्ताजींनी मागच्या बाजूला काचेचं पार्टिशन घालून दोन कम्प्युटर बसवले आणि पाटीवर 'इंटरनेट' हा शब्द लिहवून घेतला. पेंटरने त्यातली एक मात्रा विसरल्यासारखी बारीक काढली आहे, ती अजून तशीच आहे.

बाबांनी एकदा विचारलं होतं, "तिथे तू नक्की विकतोस काय?"

मला नीट सांगता आलं नाही. लोक येतात, त्यांना मी परदेशातल्या मुलाला चिठ्ठी टाईप करून देतो, परीक्षेचे निकाल काढून देतो. टेलिफोनच्या तारेतूनच सगळं जातं, त्यामुळे आधी मशीन खूप वेळ किंचाळतं, मग लाईन लागते, आणि लागली की बहुतेक वेळा बिजली जाते. एक पंडे महाराज येऊन विचारून गेले की याच्यावरून अमेरिकेतल्या यजमानाचं पिंडदान होईल का. गुप्ताजी म्हणाले, "महाराज, संकल्प चला जाएगा, पिंड यहीं रह जाएगा." पंडे महाराजांनी यावर खरंच थोडा विचार केला.

हे सगळं ऐकून बाबा म्हणाले, "म्हणजे वाढप्याचं काम. शिजवणारा दुसरा, जेवणारा दुसरा." मला ते पटलं. पण मी जे लिहायला बसलो आहे ते वेगळं आहे. या दुकानात मी एक गोष्ट बनवली, ती म्हणजे हेमकांता आत्यांचं पान. त्याबद्दलच लिहितो.

आत्या माझ्या नात्यातल्या नाहीत. आमच्या गल्लीत जन्मलेली मुलगी गल्लीतल्या सगळ्या पोरांची आत्या असते. त्या एका शास्त्र्यांची मुलगी. तरुणपणी मुंबईला गेल्या, मराठी चित्रपटांत आल्या आणि पडद्यावर हेमकांता झाल्या. त्यांच्या वडिलांनी पुढे त्यांचं नाव घेतलं नाही. आता वडील नाहीत, भाऊ नाहीत. म्हातारपणी त्या परत आल्या आणि पंचगंगा घाटाकडे उतरणाऱ्या गल्लीत दोन खोल्या भाड्याने घेऊन राहिल्या.

दुकानात त्या पहिल्यांदा आल्या तेव्हा मी खुर्ची पुसून दिली. त्या बसल्या नाहीत. काचेवर बोट टेकवून म्हणाल्या, "सदू, या खोक्यात माणसाची माहिती ठेवता येते म्हणे. जगात कोणीही बघू शकतो?"

"हो आत्या. फुकट जागा मिळते. एक पान करायचं."

"मग माझं कर. मुंबईला माझा पत्ता कोणाकडे नाही. काम द्यायचं मनात आलं तरी देणार कुठे? मला काम हवंय. अजून एक तरी. कोणी कीव करून दिलेलं नको, माझं म्हणून दिलेलं हवं."

गुप्ताजी तेवढ्यात पुढे आले आणि बघतच राहिले. "अरे, आप तो वही अम्मा हैं! बेटा जेल से छूट के आता है और आप दरवाजा नहीं खोलतीं!" एका भोजपुरी चित्रपटात आत्यांनी आईचं काम केलं होतं, ते त्यांनी कबीरचौऱ्याजवळच्या थिएटरात पाहिलं होतं.

"खोलती हूँ," आत्या म्हणाल्या, "लेकिन इंटरवल के बाद."

त्या दिवसापासून गुप्ताजींनी त्यांच्याकडून काही घेतलं नाही. ते म्हणायचे, अम्मा से कौन लेता है.

पान करायला बरेच दिवस गेले. आत्या सांगायच्या, मी टाईप करायचो. मराठी अक्षरं दिसायला समोरच्याच्या कम्प्युटरवर तोच फॉन्ट लागतो, नाहीतर नुसती चिन्हं दिसतात. म्हणून मराठीच, पण इंग्रजी अक्षरांत लिहायचं. आत्यांना ते मुळीच आवडलं नाही. "कोट घालून संध्येला बसल्यासारखं दिसतंय," म्हणाल्या.

त्यांच्या कामांची यादी करताना मला त्यांचं आयुष्य कळलं. पहिल्या चित्रपटात नायकाची बहीण. मग दोन चित्रपटांत नायिका. त्यातला दुसरा कधी लागलाच नाही. मी म्हणालो, जो लागला नाही तो कशाला लिहायचा? त्या म्हणाल्या, "मी काम केलंय ना? मग लिही. पुढे कंसात लिही, डब्यात."

मग एका नाटकाच्या दौऱ्यात गाडीला अपघात झाला. आत्यांचा जबडा मोडला. हाड जुळलं, पण तोंड एका बाजूला किंचित ओढलेलं राहिलं, आणि कॅमेऱ्याला किंचितसुद्धा चालत नाही. बोलणंही जड झालं होतं. गालात सुपारीचं खांड धरून त्या रोज मोठ्याने वाचायच्या, खांड न हलवता शब्द स्वच्छ येईपर्यंत. वर्षभराने आवाज परत आला, चेहरा आला नाही. मग बरीच वर्षं त्यांनी दुसऱ्या नट्यांना आवाज दिला. मद्रासकडच्या, मराठी न येणाऱ्या मुली पडद्यावर ओठ हलवायच्या आणि अंधाऱ्या खोलीत माईकपुढे आत्या बोलायच्या.

"इथे भूमिका काय लिहू?" मी विचारलं.

"चेहरा दुसरीचा, आवाज माझा. तसंच लिही. खोटं नको."

वय वाढल्यावर वाकडं तोंड चालायला लागलं. भोजपुरी चित्रपटांना रडणारी आई हवी होती आणि आत्यांना बनारसची बोली जन्मापासून येत होती. ती कामं संपली तशा त्या घरी आल्या.

यादी झाल्यावर फोटो. नायिकेच्या दिवसांतला एक आणि अलीकडचा एक, डोक्यावरून पदर घेतलेला. मोठा फोटो असला की पान उघडायला फार वेळ लागतो आणि बघणारा कंटाळून निघून जातो. म्हणून मी दोन्ही फोटो अगदी लहान केले, पोस्टाच्या तिकिटाहून थोडे मोठे.

शेवटी मथळा राहिला. आत्यांनी क्षणभरही विचार न करता सांगितलं, "काशीवासी हेमकांता."

मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही. पुण्याचे लोक पुणेकर, तसे आम्ही काशीवासी. इथल्या हिंदी अखबारात रोज येतं, काशीवासियांनी हे केलं, काशीवासियांना ते हवं. आत्यांचे वडील सहीआधी तोच शब्द लावायचे. ज्या वडिलांनी त्यांचं नाव टाकलं, त्यांचा शब्द त्यांनी आपल्या नावाला लावला. मी तो मोठ्या, जांभळ्या अक्षरांत बसवला. पानाच्या खाली गेस्टबुक ठेवलं, म्हणजे पान बघणाऱ्याने चार ओळी लिहायची जागा.

त्यानंतर आत्या रोज यायच्या. पायऱ्या चढून आल्यामुळे धाप लागलेली असायची. दारातूनच विचारायच्या, "कोणी लिहिलं का?"

"नाही आत्या."

"मशीन ठीक आहे ना?"

मशीन ठीक होतं. पण एवढ्या मोठ्या जगात आपलं पान आहे हे कोणाला कळणार? मग मी शोधून काढलं की अमेरिकेतले काही मराठी लोक मराठी पानांची एक सूची ठेवतात. तिथे मी आत्यांच्या पानाचा पत्ता पाठवला.

मग महिनाभर आमची लाईनच बंद पडली. ती लागल्यावर मी पान उघडलं तर गेस्टबुक भरलेलं होतं. न वाचताच मी गुप्ताजींच्या मुलाला सायकलवर पाठवून आत्यांना बोलावणं धाडलं. त्या आल्या त्या चपला तशाच ठेवून, अनवाणी. आल्या तशा खुर्चीवर बसल्या.

"वाच."

मी वाचायला लागलो. इंग्रजी अक्षरांतलं मराठी मोठ्याने वाचल्याशिवाय कळत नाही, त्यामुळे आत्यांना आणि मला ते एकाच वेळी कळत गेलं. "ही बातमी इथे परदेशात कळावी याचं फार दुःख झालं." दुसऱ्याने लिहिलं होतं, "आईला त्यांची कामं फार आवडत. आज आम्ही घरी दिवा लावला." एका बाईने लिहिलं होतं, "एवढी गुणी नटी गेली आणि वर्तमानपत्रात दोन ओळी नाहीत."

मी थांबलो. मला काही समजेना. "आत्या, हे कोणाबद्दल लिहितायत?"

आत्या पडद्याकडे बघत होत्या. त्यांची नजर मथळ्यावर होती. "अरे देवा," त्या हळूच म्हणाल्या. "सदू, तिकडे महाराष्ट्रात नावाच्या आधी 'वासी' कधी लावतात? कैलासवासी. वैकुंठवासी. तू आणि मी इथे काशीवासी म्हणत बसलोय, आणि तिकडे लोकांनी माझं उरकलंसुद्धा."

गुप्ताजींना हिंदीत समजावून सांगावं लागलं. ते आधी हसले, मग आत्यांकडे बघून चहा आणायला स्वतः गेले.

"पुढचं वाच," आत्या म्हणाल्या.

"कशाला आत्या? मी आत्ता तो शब्द काढतो."

"काढ. पण आधी वाच. किती वर्षांनी कोणी माझ्याबद्दल बोलतंय."

मी वाचत गेलो. सगळ्यात शेवटी एक मोठा मजकूर होता, मुंबईच्या एका दिग्दर्शकांचा. त्यांच्या अमेरिकेतल्या मुलाने पान पाहून त्यांना फोन केला होता आणि त्यांच्या वतीने लिहिलं होतं. त्यांच्या नव्या मालिकेतली माईआजी त्यांनी हेमाताईंना डोळ्यांपुढे ठेवून लिहिली होती. फार शोधलं, पत्ता मिळाला नाही. आणि आता हे वाचायला मिळालं. खाली मुंबईच्या ऑफिसचा नंबर होता.

आत्यांनी चहाचा कुल्हड खाली ठेवला. "दिनकर," त्या म्हणाल्या. "मी आवाज द्यायची तेव्हा हा स्टुडिओत केबल गुंडाळायचा. लाव फोन."

फोनच्या डब्यात एकच माणूस मावतो. आत्यांनी दार उघडंच ठेवलं, म्हणून मला त्यांचं बोलणं ऐकू आलं, आणि पलीकडचा माणूस मोठ्याने बोलत असल्यामुळे त्याचंही बरंचसं.

"दिनू, मी हेमा बोलतेय. काशीहून."

पलीकडून आवाज आला, "कोण बोलतंय? बाई, अशी थट्टा बरी नव्हे."

"थट्टा कसली? सुपारी तोंडात धरून बोलू का? मग ओळखशील?"

त्यांनी ओळखलं. मला वाटतं ते रडले. आत्याच त्यांना समजावत होत्या, अरे हो, आहे मी, दोन वेळा जेवते, पायऱ्या चढते. मग म्हणाल्या, "ती माईआजी मला हवी. मी परवाच्या गाडीने निघते."

पुढचं मला तुटक ऐकू आलं. पण आत्यांची पाठ मला दिसत होती आणि ती पाठ हळूहळू डब्याच्या भिंतीला टेकली. दिनकररावांनी सांगितलं की आजीचं काम आता नाही. बातमी कळल्यावर त्यांनी कथाच बदलली. आजी आधीच वारलेली दाखवली. हेमाताईंना आपली श्रद्धांजली म्हणून त्यांचाच फोटो त्या पानावरून घेतला, मोठा केला, आणि सेटवरच्या दिवाणखान्यात चंदनाचा हार घालून लावला. पहिले भाग दाखवूनही झाले होते.

"ताई, आता भिंतीवरून कसं उतरवू तुम्हाला?" हे वाक्य मी स्पष्ट ऐकलं.

"बरोबर आहे," आत्या म्हणाल्या. "सलगता जाईल." सलगता म्हणजे आधीच्या आणि पुढच्या दृश्याचा मेळ, असं त्यांनी मला नंतर सांगितलं. तेव्हा त्या एवढंच बोलल्या आणि फोन ठेवला.

मी त्याच संध्याकाळी मथळा बदलला. पण गेस्टबुकात लोक लिहीतच राहिले, कारण सूचीतल्या लोकांनी बातमी पुढे पाठवली होती. नुसता शब्द काढून माणूस जिवंत होत नाही. मग आत्यांनीच युक्ती काढली. गुप्ताजींचा कॅमेरा घेऊन आम्ही पंचगंगा घाटावर गेलो. आत्या पायरीवर बसल्या आणि त्या दिवसाचा अखबार छातीशी धरला, तारीख दिसेल असा. होडी बांधत असलेला एक मल्लाह बघत होता. तो ओरडला, "का माई, अखबार पढ़त हऊ कि देखावत हऊ?"

"देखावत हई," आत्या म्हणाल्या, "कि अबहिन जीयत हई."

तो हसला. मीही हसलो, आणि फोटो थोडा हलला. तोच पानावर लावला. खाली लिहिलं, हेमकांता हयात आहेत, काम करू इच्छितात.

त्यानंतर गेस्टबुकात एकही ओळ आली नाही. मी रोज बघायचो. शोक करणाऱ्यांपैकी एकानेही लिहिलं नाही की बरं झालं, तुम्ही आहात. कदाचित त्यांना लाज वाटली असेल. पान कितीदा उघडलं गेलं ते मोजणारा आकडा खाली असतो, तो हलत होता. म्हणजे लोक येत होते, वाचत होते आणि न बोलता जात होते. आत्या म्हणाल्या, "गेल्यावर लोक बोलतात हे माहीत होतं. परत आल्यावर कोणी बोलत नाही, हे नवीन."

त्यांना ती मालिका बघायची होती. आमच्या गल्लीतल्या केबलवर मराठी वाहिनी येत नाही. विद्यापीठाच्या बाजूला राहणाऱ्या एका मराठी बँक अधिकाऱ्यांच्या घरी गच्चीवर टीव्हीच्या डिशची मोठी छत्री आहे, त्यांच्याकडे बाबा सत्यनारायणाचा प्रसाद करायला जातात. त्या ओळखीवर मी आत्यांना रिक्षाने घेऊन गेलो. कोणाला त्या कोण ते सांगायचं नाही, असं त्यांनी बजावलं होतं.

मालिका सुरू झाली. दिवाणखाना आला. सोफ्यावर दोन सुना भांडत होत्या आणि त्यांच्या मागे, वर, हार घातलेल्या आत्या होत्या. मी तिकिटाएवढा केलेला फोटो त्यांनी केवढा तरी मोठा केला होता, त्यामुळे चेहरा धुरकट झाला होता आणि कडांना बारीक चौकोन पडले होते. तोंडाचा तो किंचित वाकडेपणा त्या चौकोनांत हरवून गेला होता.

घरातली मुलगी एकदा टीव्हीकडे आणि एकदा आत्यांकडे बघत होती. "आई, त्या फोटोतल्या आजी या आजींसारख्या दिसतात ना?"

"असं बोलू नये," तिची आई दचकून म्हणाली. "माफ करा हं. तिला कळत नाही."

"असू दे हो," आत्या म्हणाल्या. "बिचारी देखणी होती." आणि बाईंनी पुढे केलेल्या बशीतला चिवडा घेतला.

एका दृश्यात धाकटी सून फोटोसमोर उभी राहून रडली. बराच वेळ कॅमेरा फोटोवर होता. आत्या पुढे झुकून बघत होत्या. मला दिसलं, त्यांचे ओठ हलत होते. त्या जागी आजी काय म्हणाली असती ते त्या म्हणत होत्या, आवाज न काढता.

परतीच्या वाटेवर गोदौलियाच्या गर्दीत अडकलो तेव्हा मी म्हणालो, "आत्या, मी फोटो लहान केला म्हणून तो असा दिसला."

"लहान होता म्हणून तर लोकांना उघडता आला," त्या म्हणाल्या. "तुझं काम तू बरोबर केलंस."

आता त्या दुकानात येत नाहीत. गुडघ्यांनी पायऱ्या सोडून दिल्या आहेत. बाबा यात्रेकरूंचा स्वयंपाक झाला की त्यांचा डबा काढून ठेवतात आणि मी तो पोचवतो. त्या 'कोणी लिहिलं का?' असं विचारत नाहीत, आणि मी सांगत नाही. कोणीतरी गुप्ताजींना सांगितलं आहे की दोन हजार साल लागताच जगातले सगळे कम्प्युटर बंद पडणार. ते खरं निघालं तर पानही जाईल. मला वाईट वाटेल, कारण पान म्हणून मी तेवढं एकच बनवलं आहे.

दुकानात त्या शेवटच्या आल्या, त्या मालिका पाहिल्याच्या दुसऱ्या दिवशी. खुर्चीवर बसल्या, धाप शांत होऊ दिली आणि म्हणाल्या, "कामांची यादी उघड. खाली एक ओळ वाढव."

मी मालिकेचं नाव लिहिलं. "भूमिका?"

"माईआजी."

मी टाईप केलं.

"पुढे कंसात लिही, भिंतीवरचा फोटो."

मी त्यांच्याकडे बघितलं. "आत्या, नुसतं माईआजी राहू दे ना. बघणाऱ्याला काय कळतंय?"

"खोटं नको, सदू."

मी लिहिलं. त्यांनी डोळे बारीक करून ती ओळ वाचली, मग वरची, आवाज देण्याच्या कामांची ओळ वाचली, आणि परत खाली आल्या.

"आणखी थोडं राहिलं," त्या म्हणाल्या. "चेहरा माझा. संवाद नाहीत. तेही लिही."